तीच बाभळ

पंक्चरच्या दुकानापाशी तापलेल्या रबराचा वास आला की मी आजही रस्ता ओलांडून पलीकडून जाते. दहावीच्या सुट्टीत मी पहिल्यांदा विहीर सोडून शहागडजवळ बंधाऱ्यानं तुंबलेल्या गोदावरीत उतरले, तेव्हा मला पोहायला शिकवणारे शेजारचे चाचा ट्रकच्या ट्यूबवर बसून मागून येत होते. तोवरचा माझा सगळा सराव आमच्या मळ्यातल्या विहिरीतला, भिंतीच्या कडेकडेनं गोल गोल, शंभर शंभर फेऱ्या. "इथं भिंत न्हाई, बिलकुल सरळ जाय," चाचा म्हणाले. सकाळचं धुकं पाण्यावर टेकलं होतं. थोड्याच वेळात ट्यूब दिसेना, काठ दिसेना. एक बुडालेली वाळकी बाभळ तेवढी शेंडा वर काढून उभी होती, शेंड्याला फाटक्या जाळ्याची निळी चिंधी, आणि पाण्याखालचे तिचे काटे माझ्या पोटऱ्यांना ओरबाडून गेले. मी दचकून जोरजोरात हात मारत सुटले. बरंच पुढं जाऊन डोकं वर काढलं, तर समोर निळी चिंधी. पुन्हा जीव खाऊन हात मारले, पुन्हा तीच. ओरडायला गेले तर तोंडात पाणी शिरलं, आणि माझं ठसकणं ऐकूनच चाचा आले असावेत. दंड धरून त्यांनी मला ट्यूबवर ओढलं. "पोरी, तू तर इथं बी विहीरच फिरून राह्यली!" ते हसले, पण त्यांचे ओठ पांढरे पडले होते. आता समुद्रातल्या शर्यतीत मी सारखी डोकं वर काढते. लोकांना वाटतं, मी पुढची खूण बघते. मी ती निळी चिंधी बघत असते.