सख्ख्या काकांविरुद्ध साक्ष

मंडळी, आज कोर्टात मी माझ्या सख्ख्या काकांविरुद्ध साक्ष दिली.

काकांनी शेजारच्या भाऊसाहेबांवर पाण्याची मोटर चोरल्याची फिर्याद केली होती. भाऊसाहेब निर्दोष सुटले आणि त्यांनी काकांवर भरपाईचा दावा लावला. पण भरपाई मिळायला काकांनी फिर्याद आकसानं केली, हेही त्यांना सिद्ध करावं लागणार होतं.

भाऊसाहेबांच्या वकिलांनी मला विचारलं, "फिर्यादीआधी काका काय म्हणाले?"

मी सांगितलं, "मोटर दुरुस्तीला दिलीय, हे त्यांना माहीत होतं. म्हणाले, 'बांधावरून लई भांडतो, बसू दे आता जेलात.'"

बाहेर आल्यावर काका म्हणाले, "ऊन लई हाय. एसटीची वाट बघू नको, चल गाडीवर."

आमच्या गावापर्यंत, बेलापूरपर्यंत, त्यांच्या मागं बसून मी रडत आले.

घरच्या माणसाविरुद्ध खरं बोलल्यावर तुम्ही त्याच्याशी पुन्हा कसं बोललात?