रावबहादुरांचे सायंवाचन

"व्हिक्टोरिया राणीच्या काळात रावबहादूर त्र्यंबकराव गुप्ते यांच्या गिरगावातील घरी रोज दिवेलागणीनंतर पत्नी व चाकर एकत्र बसून ज्ञानानंद घेत," असे संग्रहालयाच्या फलकाचा मसुदा म्हणतो. बसून? खुर्ची एकच होती. एकत्र? पत्नी उंबऱ्याआड, पंख्याची दोरी ओढणारा भिकू ओटीबाहेर. आणि ज्ञान इंग्रजीत होते, जे रावबहादुरांखेरीज घरात कुणालाच येत नव्हते. मसुद्यावर संग्रहालयाच्या अभिरक्षक डॉ. मृणालिनी कर्णिक यांची सही तेवढी राहिली आहे. दुपार कलते, तसे त्यांचे डोळे जड होतात.

रॉकेलचा दिवा लागलेला आहे. खुर्चीत कधीचेच वारलेले रावबहादूर.

"ये पोरी. केलीस सही?"

"तुमच्या पत्नीला विचारून करते."

"कुटुंबाला काय विचारायचं?"

ते इंग्रजी कादंबरी वाचू लागतात. पान संपताच उंबऱ्याआडून भागीरथीबाई पुढे येतात आणि पोथीवर वाहाव्यात तशा पुस्तकावर अक्षता वाहतात.

"काही कळलं?" मृणालिनीबाई विचारतात.

"पोथी कळायची असते होय!" भागीरथीबाई हसतात. "पण मधेच यांचा आवाज अडखळतो ना, तिथं गोष्टीतलं कुणीतरी गेलेलं असतं. कोण, म्हणून विचारलं, तर म्हणतात, आधी शीक. शिकवा म्हटलं, तर म्हणतात, उद्या."

"आज बी कुनी ग्येलं, बाईसाब," भिंतीपलीकडून भिकू म्हणतो. "म्या दोरी थांबिवली हुती."

उंबरा तोच, पण घर आता गोऱ्या साहेबाचे आहे. आत पियानोभोवती साहेबाची मुले गात आहेत. व्हरांड्यात त्र्यंबकराव जोडे काढून, काचेला नाक लावून उभे.

"गाणं समजतं?" मृणालिनीबाई विचारतात.

"छे. पण घर असं दिसलं पाहिजे."

"मग आपल्या घरी मराठी का वाचलं नाहीत?"

ते काचेकडे बघतच उत्तर देतात, आणि शेवटी हात जोडतात. "फलकावरचं वाक्य राहू दे, पोरी. माझं म्हणून तेवढंच उरलंय."

मृणालिनीबाईंना जाग येते. मसुद्यावर कुंकवाने लाल झालेले तांदळाचे दाणे पडले आहेत. ते न झटकता त्या वाक्यावर काट मारतात. आधार नसलेले अवतरण त्यांनी जन्मात वापरलेले नाही. आज वापरतात. काटेखाली रावबहादुरांचे शब्द जसेच्या तसे उतरवतात:

"तिला वाटे, तिथं कुणी गेलं. तिथं मला इंग्रजी शब्द येत नसे. मराठी वाचलं असतं, तर माझं अडणं तिनं ओळखलं असतं."