राहते त्या गावात दावा

सातवीतच शाळा सुटली, लग्न झालं. नवऱ्याचा मार सोसवेना, तेव्हा लांब नांदेडकडून कोल्हापुरात आले. घटस्फोट हवा होता, पण तारखांना परत त्याच्या गावी जायची धास्ती होती.

वकीलबाई म्हणाल्या, "कायदा बदललाय. बायको राहते तिथंही दावा लावता येतो. राहण्याचा पुरावा आणा."

मी त्यांच्या खोलीत राहते असं पत्र मागायला घरमालकीणबाईंपुढं उभी राहिले. कोर्टाचं नाव ऐकून खोली सोडायला सांगतील, असंच वाटत होतं.

"एवढंच व्हय? रडतीस कशाला? लिही तू, सही मी करते की! आता तारखांना त्यालाच यायला लागंल. यीऊ दे!"

त्यांच्या सहीवर दावा इथंच लागला. प्रत्येक तारखेला कोर्टात त्या शेजारी बसलेल्या असतात.