दुसरीच्या आवाजातली नायिका

“छान. पण बोललं कोण?”

माझं भाषण संपलं की मावशी स्वतःच्या गळ्याला दोन बोटं लावून विचारायच्या. तुम्हीही पाहिली असतील अशी माणसं. दाद देतात आणि त्याच दमात टाचणी टोचतात. ब्रिस्टलमधल्या आमच्या हॉस्पिटलचा मुलांचा वॉर्ड बंद करायला निघाले होते, मी हायस्ट्रीटवर, भर बाजारपेठेत, मेगाफोन घेऊन घसा फोडत होते, आणि या विचारतात, बोललं कोण!

मावशी कोरियन. आमच्या शेजारी एकट्या राहायच्या. एकदा आईने चहाला बोलावलं तेव्हा कळलं, या तिकडच्या सिनेमातल्या नायिका. पण त्या काळी तिथे संवाद मागाहून स्टुडिओत भरायचे, तेही दुसऱ्यांच्या आवाजात. चेहरा मावशींचा, आवाज कायम दुसऱ्या बाईचा. तिकडे बाजारात यांनी तोंड उघडलं की मासेवाली हसायची, “दिसतेस तिच्यासारखी, पण ती नव्हेस!”

“हा उघड अन्याय आहे!” मी कप आपटला. “त्या बाईवरसुद्धा. तिचं नाव तरी यायचं पडद्यावर?”

“नाही. रडायची मात्र माझ्यापेक्षा छान.”

“त्यांना चहा पिऊ दे गं,” आई म्हणाली. “मोर्चा नंतर काढ.”

पुढे तिकडचा सिनेमा बदलला. शूटिंगच्या जागीच आवाज घेऊ लागले. नव्वदनंतर कधीतरी एका तरुण दिग्दर्शकाचा फोन आला: आईची भूमिका, स्वतःच्या आवाजात. मावशींनी नकार दिला. आवाज जाडा, बोली गावाकडची. लोक पुन्हा हसतील.

मी त्यांच्या किचनमध्ये उभी राहून सुनावलं, “आवाज हा प्रत्येक कलावंताचा मूलभूत हक्क आहे. गप्प बसणं म्हणजे शरणागती!”

दोन बोटं गळ्याला. “छान. पण बोललं कोण?”

मी नाही, आमच्या मोर्चाचं पत्रक बोललं होतं. मी खुर्चीत बसले.

“तुम्ही गेलात तर मला कोण टोकणार? मला तुम्ही इथेच हव्या आहात. तरी जा, मावशी.”

बोटं खाली आली. “हां. ही तू.”

त्या गेल्या आणि तिकडेच राहिल्या. वॉर्ड शेवटी बंद केलाच निर्लज्जांनी. मी अजून भांडते, पण आता कागद खिशात ठेवून बोलते. लोक थांबून ऐकतात. हे देणं मावशींचं.

मग आमच्या फिल्म सोसायटीत तो सिनेमा लागला. पडद्यावर मावशी दारात उभ्या राहून मुलीला हाक मारत होत्या. जाडा, जरा खरखरीत, कुंपणापलीकडून रोज ऐकलेला आवाज. सगळे खालची इंग्रजी अक्षरं वाचत होते. मी डोळे मिटून घेतले.