मोकळी ठेवलेली लाईन

आज लॅबमध्ये नव्या केबलचं बंडल उघडलं आणि गरम प्लास्टिकचा तोच वास आला. सांवेर रोडच्या केबल फॅक्टरीतून बाबा घरी यायचे तेव्हा त्यांच्या शर्टाला हा वास असायचा, हातांवर भाजल्याचे डाग असायचे. त्या कमाईवर घर जेमतेम चालायचं, तरी त्यांनी मला शिकवलं. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिला.

मग तुकोगंजच्या जुन्या लॅबमधली ती दुपार आठवली. जवळच्या बेटमा गावातल्या एका चार वर्षांच्या मुलीला सारखे झटके यायचे आणि कारण सापडत नव्हतं. तिच्या जनुकांची फाईल दुसऱ्या शहरातल्या शास्त्रज्ञांना पाठवायची होती. फाईल प्रचंड होती, इंटरनेटची लाईन हळू. दोनदा फाईल जाता जाता मध्येच अडकली. लॅबचं नेटवर्क सांभाळायचं काम माझ्याकडे होतं, म्हणून मी सगळ्यांना संध्याकाळपर्यंत इंटरनेट बंद ठेवायला सांगितलं.

"भिया, तुझ्यामुळे आज आराम," असं इकडच्या बोलीत मला भाऊ म्हणत रिसेप्शनच्या जोशीबाईंनीही कॉम्प्युटर बंद केला.

मुलीची आई फाईल किती गेली ते दाखवणारी स्क्रीनवरची सरकती पट्टी बघत होती. तिने हळूच विचारलं, "भैया, मेरी बच्ची इसी तार में से जा रही है क्या?"

"हाँ जी, धीरे-धीरे," मी म्हणालो.

तेव्हा तिच्या भोळ्या प्रश्नाचं मला मनात हसू आलं होतं. आता येत नाही.

ती केबल बाबांच्या फॅक्टरीतली होती, मीच भिंतीतून ओढली होती. फाईल अख्खी पोचली. काही आठवड्यांत आजाराचं नाव कळलं, औषध बदललं आणि मुलीचे झटके थांबले.