लाइनवरचा दुसरा कान

हेडफोन कानाला लावून मी नायक रामटेकेच्या आईचं बोलणं ऐकत बसले होते. ती माऊली मुलाला विचारत होती, "काहून रे बाबू, आवाज असा काहून येऊन राहिला? तब्येत बरी आहे ना?" तो सिग्नलच्या तंबूत फोनवर होता. मी पलीकडच्या तंबूत, त्याच लाइनला दुसरा हेडफोन जोडून. शेजारी आमचे कर्नलसाहेब उभे होते. त्यांना मराठीतलं ओ की ठो कळत नव्हतं. म्हणूनच तर मला बसवलं होतं.

"सब ठीक आहे आई, काम करून राहिलो," रामटेके म्हणाला. मग आवाज खाली आणून, "तू ऐक, ती गोष्ट अजून कोणाला सांगू नको."

"नाही रे. तुह्या मावशीलेही नाही सांगितली."

"मावशीले तर बिलकुल नको. पक्कं झालं की मीच सांगतो."

मी हेडफोन काढला. "क्या बोला?" कर्नलसाहेबांनी लगेच विचारलं. मी शब्दाला शब्द हिंदी करून सांगितलं.

"कौन सी बात?"

"पता नहीं, सर."

"यही तो पता करना है, मेजर," ते म्हणाले आणि मिशीवरून हात फिरवत निघून गेले.

आता हे प्रकरण काय होतं ते सांगते. मी सैन्यात सिग्नल्समध्ये होते, म्हणजे तारा, रेडिओ, फोन हा सगळा आमचा संसार. त्यात माझ्याकडे सिग्नल सिक्युरिटी. शत्रू आपलं बोलणं ऐकण्याआधी आपणच ते चोरून ऐकायचं आणि कोण कुठे तोंड सैल सोडतो ते पकडायचं, असं ते काम. थोडक्यात, संशय घ्यायचा पगार मिळत होता मला.

जबलपूरच्या बाहेर, पनागरच्या पुढे, टेकड्या आणि खदानींच्या भागात संयुक्त सराव चालू होता. एका मित्रदेशाची तुकडी आली होती. सरावात दोन फौजा करतात. आम्ही ब्लू, म्हणजे आपण. त्यात पाहुणे सैनिकही मिसळलेले. समोर रेड, म्हणजे शत्रू. रेडही आपलेच जवान असतात, फक्त दंडावर लाल फीत. गोळ्या खोट्या, कोण मेला ते अंपायर ठरवतात. आमच्या खास तुकडीने अचानक छापा घालून शत्रूचा अड्डा उडवायचा, हा या सरावाचा गाभा. छाप्यात सगळं बळ त्या 'अचानक' या शब्दात असतं.

आणि तेच होत नव्हतं. पहिला छापा जुन्या खदानीवर घातला, तर रेडवाले दबा धरून बसलेले. आमचे सगळे 'मेले'. दुसऱ्यांदा रेल्वेच्या मोरीपाशी गेलो, तिथेही ते आधीच हजर. पाहुण्यांचा कॅप्टन आमच्याकडे बघून नुसता हसला. ते हसणं कर्नलसाहेबांना फार लागलं.

जागा ठाऊक असायची ती मोजक्यांना. त्यात रेडिओवर बसणारा नायक रामटेके. पोरगा जबलपूरचाच, घर महाराजपुरात. आणि समोरच्या रेड फोर्सची कंपनी होती महाराष्ट्रातल्या जवानांची. झालं. रामटेके मराठी, शत्रू मराठी, घर जवळ. एवढ्यावर संशयाचं बीज पडायला काय वेळ लागतो? सरावात सगळ्यांचे मोबाइल जमा होते. घरी बोलायला कॅम्पची एकच लाइन, तीही परवानगीने. रामटेकेने आईचे डोळे दाखवायचे आहेत म्हणून परवानगी मागितली. साहेबांनी ती चटकन दिली. इतकी चटकन की मलाच चमकल्यासारखं झालं.

खरं सांगायचं तर मला हा पोरगा आवडायचा. मी नागपूरची आहे हे कळल्यावर पहिल्याच दिवशी तो संकोचत म्हणाला होता, "मॅडम, तुमच्यासंगं मराठीत बोलू का? इथं घराच्या बाहेर कोणी भेटतच नाही मराठी बोलायले. आजोबा भंडाऱ्याहून आले होते फॅक्टरीत. आमच्यात आता आईच शुद्ध बोलते, मी तर खिचडी करतो."

"खिचडी चालेल," मी म्हटलं. तेव्हापासून चौघांत हिंदी आणि दोघंच असलो की मराठी, असं आमचं ठरून गेलं होतं.

सरावाचा दुसरा भाग त्या मित्रदेशात होणार होता. तिकडे जाणाऱ्या तुकडीत त्याचं नाव होतं. यादी अजून कर्नलसाहेबांच्या सहीसाठी थांबली होती. त्याच्या घरातून देशाबाहेर जाणारा तो पहिलाच ठरला असता. सैन्यात एकदा नावापुढे शंका लागली की परदेश तर जातोच, बढतीच्या वेळीही कोणीतरी हळूच म्हणतं, अरे, तो तोच ना? आरोप सिद्ध व्हावा लागत नाही.

"सर, सीधे उसी से पूछ लें?" मी म्हटलं.

"पूछोगी तो सावधान हो जाएगा."

आणि उगीच साळसूदपणा कशाला आणू, संशय मलाही आला होता. 'ती गोष्ट' माझ्या कानातून जाईना. मग मला सगळंच वेगळं दिसायला लागलं. तो जेवताना टेकड्यांकडे बघायचा, तर वाटायचं काय बघतो? पनागरचा टेंट हाउसवाला कॅम्पला मांडव, खुर्च्या पुरवायचा. तो रामटेकेला "का हो भैया" म्हणून हाक मारायचा, तर वाटायचं ह्यांची ओळख कशी? एकदा संशयाचा चष्मा चढला की माणूस शिंकला तरी खूण केल्यासारखी वाटते.

शेवटी आम्ही सापळा लावला. तिसरा छापा नाल्यावरच्या पुलापाशी होता. रामटेकेला मात्र पडक्या गोदामाची जागा सांगितली, आणि तीही फक्त त्यालाच. रेड गोदामाशी गेले तर चोर सापडला. ते पुलाशी आले तर फितुरी दुसरीकडून.

रेड पुलाशी आले. आमचे पुन्हा सगळे 'मेले'.

माझ्या जिवावरचं ओझं उतरलं. मी तडक साहेबांकडे गेले. "सर, रामटेके को पुल का पता ही नहीं था. वो नहीं है."

साहेबांनी नकाशावरून मान वर केली नाही. "होशियार लड़का है. जाल समझ गया होगा."

"पर पुल का पता उसे कैसे चला?"

"किसी से निकलवा लिया होगा. आप जानती हैं, मेजर, मासूम चेहरे वाले ही ज़्यादा खतरनाक होते हैं."

माझं डोकंच फिरलं. रेड गोदामाशी गेले असते तर तो गुन्हेगार, नाही गेले म्हणून तो हुशार गुन्हेगार. या पोराने सुटायचं तरी कसं? आणि यादीवर सही शेवटच्या छाप्यानंतर लगेच व्हायची होती.

शेवटचा छापा एका ओसाड शाळेवर होता, आणि त्याला अंपायर कमी पडत होते. मी सराव नियंत्रणाकडे जाऊन पांढरी फीत मागून घेतली. अंपायरला दोन्हीकडे जायची मुभा असते. फक्त एक नियम कडक आहे: एका फौजेचं बघितलेलं दुसरीकडे बोलायचं नाही, सराव संपेपर्यंत. कर्नलसाहेबांना वाटलं मी हेरगिरीला निघाले, ते खूश झाले. मी त्यांना नियमाची आठवण करून दिली. ते अर्धेच खूश राहिले.

आदल्या दुपारी मी रेडच्या टेकडीवर पोचले. त्यांचा कंपनी कमांडर मेजर सावंत, साताऱ्याकडचा. खडकाआड त्याचे जवान पालथे पडून दुर्बिणीतून समोरच्या उतारांकडे बघत होते. ना कोणी फोनवर, ना रेडिओशी खटपट. मी म्हटलं, हे कसली वाट बघतायत?

थोड्या वेळाने एक जवान ओरडला, "साहेब, आलं बघा बिऱ्हाड! शाळंच्या समोरच्या टेकाडावर."

सावंतने दुर्बीण माझ्या हातात दिली. मी बघितलं. कच्च्या रस्त्याने टेंट हाउसचा ट्रक वर चढला होता. माणसं लाल-पिवळा शामियाना ताणत होती. मग खुर्च्या उतरल्या, ओळीने मांडल्या गेल्या, आणि पुढच्या रांगेतल्या प्रत्येक खुर्चीच्या पाठीवर एकेक पांढराशुभ्र टॉवेल चढला. भर उन्हात ते टॉवेल असे चमकत होते की दुर्बीण नसती तरी चाललं असतं.

मला हसूही येईना आणि रडूही येईना. छापा बघायला मोठे साहेब आणि पाहुणे यायचे. त्यांना नीट दिसेल अशा समोरच्या टेकडीवर बैठक लागायची. सकाळी ते येणार म्हणून आदल्या दुपारीच मांडामांड. छाप्याची जागा आम्ही कुलपात ठेवत होतो, पण खुर्च्यांचा हुकूम वेगळ्या शाखेतून सुटायचा, 'बंदोबस्त' म्हणून. तो कोणाला गुपित वाटलाच नाही. पुढच्या रांगेला टॉवेल हवेतच, हा आग्रह खुद्द कर्नलसाहेबांचा.

"आम्ही फक्त खुर्च्यांची तोंडं कुठं हायत ते बघतो," सावंत म्हणाला. "तिकडं जाऊन दबा धरायचा, बास."

"अरे, इकडे एका पोराचं वाटोळं व्हायची वेळ आली आहे!" मी त्याला रामटेकेचं सगळं सांगितलं. तो गंभीर झाला.

"तुला आज बोलता येणार नाही," तो म्हणाला. "फीत बांधलीयस. आणि आज मीही बोलणार नाही. उद्या डीब्रीफला कोणी विचारलं तर सांगेन."

"नाही विचारलं तर?"

"मग तू विचार."

छापा सकाळी झाला. काय झालं ते सांगायला नको. दुपारी डीब्रीफ, म्हणजे सगळ्यांनी बसून कुठे काय चुकलं ते बोलायचं. त्याआधी मी कर्नलसाहेबांच्या तंबूत गेले. यादी समोर होती, पेन हातात होतं.

"सर, रामटेके का नाम अभी मत काटिए. डीब्रीफ तक रुकिए."

"क्यों?"

"अभी बता नहीं सकती, सर."

ते माझ्याकडे बघत राहिले. त्या नजरेचा अर्थ मला चांगला ठाऊक होता, कारण तसं मी कित्येकांकडे बघितलं होतं. "मेजर," ते शांतपणे म्हणाले, "उसकी बातें मुझे आप ही ने बताई थीं. सही बताई थीं ना? आप दोनों एक ही ज़ुबान के हैं."

संतापाने माझे कान तापले. त्याच्या आईचं बोलणं मी चोरून ऐकलं ते यांच्यासाठी, आणि आता मीच फितूर! पण सांगता येत नव्हतं. "सिर्फ एक घंटा, सर," एवढंच बोलले. का कोण जाणे, त्यांनी पेन खाली ठेवलं.

डीब्रीफ टेकडीवरच्या त्याच शामियान्यात झालं. पुढच्या रांगेत दिल्लीहून आलेले जनरलसाहेब, पाहुणे, आमचे कर्नलसाहेब. मला विचारावं लागलंच नाही. जनरलसाहेबांनीच सावंतला उभं केलं.

"हर बार आपको पहले से कैसे पता चला?"

"कुर्सियों से, सर."

"कौन सी कुर्सियाँ?"

"जिन पर आप लोग बैठे हैं, सर."

मग त्याने टॉवेलपर्यंत सगळं सांगितलं. जनरलसाहेबांनी मान वळवून आपल्या पाठीमागचा टॉवेल बघितला. पहिलं हसू पाहुण्यांच्या कॅप्टनचं फुटलं, मग सगळा मांडव हसला. कर्नलसाहेब मांडीवरचा नकाशा फार बारकाईने वाचत होते.

संध्याकाळी त्यांनी मला बोलावलं. "रामटेके का नाम रहने दीजिए." माझ्याबद्दल एक अक्षर नाही. मी जायला निघाले तेव्हा म्हणाले, "शक तो करना ही पड़ता है, मेजर. काम है." कामच होतं ते, आणि माझंही तेच होतं.

यादी गेली. निघायच्या आधी रामटेके सामान जमा करायला स्टोअरकडे आला होता. आम्ही दोघंच होतो. मी आनंदाने म्हटलं, "काय रे, आईला सांगितलंस का जाणार म्हणून?"

तो सावधानमध्ये उभा राहिला. "जी मैडम. अब सबको बता दिया. मौसी को भी."

म्हणजे ही होती 'ती गोष्ट'. पक्कं होण्याआधी बोभाटा नको, एवढंच.

"मराठीत बोल ना," मी म्हटलं.

"उस दिन लाइन पर आवाज़ बारीक आ रही थी, मैडम." तो रागावलेला नव्हता, उलट फार अदबीने बोलत होता. एका लाइनला दोन हेडफोन लागले की आवाज निम्मा होतो, हे सिग्नलमधल्या कोणालाही कळतं. आणि ती लाइन त्यानेच टाकली होती. आईने आवाज असा का येतो म्हणून विचारलं, तेव्हाच त्याला कळलं होतं की दुसरा कान लागला आहे. आणि तो कान कोणाचा, हेही उघड होतं. आमच्या कॅम्पात त्याच्याशिवाय मराठी कळणारी मी एकटीच होते.

"मैं चलूँ, मैडम? जय हिंद."

सरावाच्या अहवालात एक धडा नोंदला गेला: पाहुण्यांची बैठक छापा सुरू झाल्यावरच मांडावी. सगळीकडे तो पाळतात म्हणे. मी आता नोकरी सोडून जबलपूरलाच विजय नगरात राहते. रामटेके हवालदार झाला आहे, सणावाराला न चुकता फोन करतो. मी मराठीत बोलते, तो हिंदीत उत्तर देतो.