झुंबररावाच्या खांद्यावरचं घोंगडं

झुंबरराव वर्षभर राजनंदिनीच्या डोळ्यांत सलत होता, आणि तो सल काढून टाकायची तिला मुळीच घाई नव्हती. उलट तो ती जपत होती. या माणसाची चार लोकांत फजिती झालेली बघायची आणि मगच शांत झोपायचं, असं तिनं ठरवून टाकलं होतं.

कळंबची ही पोर बारामतीच्या एका ऑफिसात मेडिकल कोडिंग करते. म्हणजे अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद वाचायचे आणि प्रत्येक दुखापतीला तिचा ठरलेला कोड द्यायचा. त्यावर तिकडचे विमावाले बिल भागवतात. तिच्या वाट्याला बहुतेक तळ्यांवर मौजेखातर बोटी पळवणारे येतात. बोटीतून पडला त्याचा कोड वेगळा, उडी मारली त्याचा वेगळा, बोटीखालच्या पंख्यात सापडला त्याचा वेगळा. कुणी मुद्दाम केलं असं कागदात नसेल, तर सरळ अपघात समजायचा. आणि कुणाच्या बेफिकिरीनं झाला, हे तर कुणी विचारतच नाही. राजनंदिनीचं डोकं फिरायचं ते इथंच. बेफिकिरांची काय मजा आहे!

तिचा भाऊ सूरज एका रविवारी उजनीच्या पाण्यावर रोहित पक्षी बघायला गेला. बोट झुंबररावाची. सूरज परत आला तो बेशुद्ध, डोक्याला मार लागलेला, उजव्या हाताची तीन बोटं गेलेली. बोटीतले बाकीचे पुण्याचे पाहुणे घाबरून केव्हाच गाडीत बसून पसार झाले होते. दवाखान्यात नेलं झुंबररावानं आणि डॉक्टरला सांगितलंही त्यानंच, "पोरानं सेल्फीच्या नादात उडी मारली. मी हुतो म्हणून वाचला."

वडील आबाजी भोळे. पोरगा जिवंत हाती दिला, आता याचे उपकार फेडायचे कसे? घरची मेंढरं विकून शेती धरली, तेव्हा स्वतःच्या मेंढरांच्या लोकरीचं एकच काळं घोंगडं त्यांनी राखून ठेवलं होतं. ते त्यांनी गावच्या पारावर, सगळ्यांदेखत झुंबररावाच्या खांद्यावर घातलं.

महिन्याभरानं सूरज नीट बोलायला लागला.

"मी उडी न्हाय मारली, आबा. पंख्यात जाळं अडकलं हुतं. पवता येतंय का म्हणला, म्हणून मी उतरलो. माझा हात पंख्यात असताना त्यानं मशीन चालू केली."

"तुझ्या डोक्याला मार लागलाय," आबाजी म्हणाले. "ज्याला आपण घोंगडं घातलं, त्यो असं करंल व्हय?"

गावानंही तेच उचलून धरलं. सूरजला सगळे सेल्फीवाला म्हणू लागले आणि त्यानं पाराकडं जाणंच सोडलं. राजनंदिनीचा मात्र भावावर पहिल्या दिवसापासून विश्वास होता. बोटीतून उडी मारणाऱ्याची बोटं कशाला कापली जातील? हे कळायला कोडिंगची परीक्षा द्यावी लागत नाही.

मग झुंबररावानं नवी बोट घेतली. पूजेचं आवतण आलं. सूरज घरीच थांबला, राजनंदिनी मात्र रजा टाकून आबाजींबरोबर गेली. आपण काय करणार आहोत हे तिला ठाऊक नव्हतं. मोकळ्या हातानं परतायचं नाही, एवढं ठाऊक होतं.

झुंबरराव घोंगडं खांद्यावर टाकून नवरदेवासारखा मिरवत होता. नारळ फुटला. राजनंदिनी गोड आवाजात म्हणाली, "काका, ह्या बोटीत नवीन काय हाय?"

झुंबररावाला तेवढंच हवं होतं. "ही लाल दोरी बघ. मनगटाला बांधायची. ही उपसली की मशीन बंद. मग कुणी कितीबी बटण दाबू दे, चालू व्हायची न्हाय. आता जाळं काढाय कुणाला खाली उतरवलं तरी घोर न्हाय. मागल्यासारखा हात जायचा न्हाय कुणाचा."

"मागं कुणाचा गेला, काका?"

झुंबररावानं हातातली दोरी झटकन खाली टाकली. "सूरजचा?" तिनं आवाज चढवला. "त्यानं तर उडी मारली हुती ना? मग त्यो जाळं कधी काढत हुता?"

पूजेला जमलेली माणसं वळून बघू लागली. झुंबररावाची नजर पाण्याकडं गेली. त्याच्या कपाळावरचा घाम बघून राजनंदिनीला इतकं बरं वाटलं, की हसू आवरेना. तिनं ते आवरलंही नाही. आबाजी उठले. त्यांनी झुंबररावाच्या खांद्यावरून घोंगडं ओढून घेतलं, दोनदा झटकलं आणि काखेत मारलं. झुंबररावाच्या नव्या बोटीत त्या दिवशी कुणीही चढलं नाही.

घरी येऊन आबाजींनी ते घोंगडं सूरजच्या खांद्यावर घालायला हात पुढं केले. सूरजनं उजव्या हाताच्या उरलेल्या दोन बोटांनी ते बाजूला सारलं.

"त्याच्यावर न्हाय माझा राग, आबा. त्यो परका हाय. तुमी माझे हुता."

राजनंदिनीचं हसू तिथंच विरलं. वर्षभर ती एकाच माणसावर दात धरून बसली होती.

"काय करू मी?" आबाजी म्हणाले.

"पारावर चला. त्याला घोंगडं घातलं तितंच सांगा."

आबाजींनी खुंटीवरचा पटका काढून डोक्याला गुंडाळला आणि भर उन्हात बाहेर पडले. पारावर पत्ते खेळणारी माणसं त्यांना बघून थांबली.

"माझं पोरगं खरं बोलत हुतं," आबाजी म्हणाले, "आणि मी त्याला खोटं पाडलं."

मागं उभा असलेला सूरज म्हणाला, "आजून एकदा."